धावता ठिपका

(फोंड्यातल्या एका वाचनालयाच्या व्याख्यानमालेत केलेलं भाषण. ध्वनिमुद्रणावरून उतरवून, थोडं झाडूनपुसून.)

नमस्कार. अध्यक्षमहोदय, वाचनालयाची कार्यकर्ती मंडळी, आणि एवढ्या पावसातून आलेले तुम्ही सगळे.

आधी एक कबुली. आज मी तुम्हाला सात व्हिडिओ दाखवणार होतो. पेनड्राइव्ह आणलाय, लॅपटॉप आणलाय, प्रोजेक्टर इथे आहेच, पडदा तर नवाकोरा दिसतोय. फक्त लॅपटॉप आणि प्रोजेक्टर यांच्यामध्ये बोटभर लांबीचा जो जोड लागतो, तो घरी जेवणाच्या टेबलावर राहिला. बायकोने निघताना विचारलं होतं, ‘सगळं घेतलं ना?’ मी नेहमीच्या ऐटीत हो म्हटलं. तेव्हा व्हिडिओ कलेवरचं हे भाषण व्हिडिओशिवाय होणार. पिंगुळीचे चित्रकथी निदान एकेक चित्र समोर धरून कथा सांगतात. माझ्याकडे नुसतीच कथा आहे.

मोबाईल कृपया बंद करा. पण खिशातच ठेवा, शेवटी लागणार आहेत.

बाहेरच्या फळ्यावर विषय लिहिलाय, ‘चलच्चित्राचा स्वभाव आणि प्रायोगिक व्हिडिओ कला’. तो वाचूनही तुम्ही आत आलात, याचं मला कौतुक आहे. ‘प्रायोगिक’ म्हटलं की आपल्याकडे माणूस चपला शोधायला लागतो. प्रायोगिक नाटक म्हणजे काळोख, एक खुर्ची, आणि त्या खुर्चीवर शेवटपर्यंत कोणी बसत नाही. जत्रेत रात्रभर संगीत नाटक बघणारे आपण लोक. आपल्याला खुर्ची दिसली की वाटतं, आता राजा येणार.

आणि हे सगळं सांगण्याचा माझा अधिकार काय? मी समीक्षक नाही, प्राध्यापक नाही. बावीस वर्षं मी लग्नाच्या कॅसेटी केल्या. फोंडा, माशेल, म्हार्दोळ, शिरोडा, पार केप्यापर्यंत. इथे बसलेल्या निदान चौघांच्या डोळ्यांत मी त्यांच्या लग्नात हॅलोजन मारलेला असणार. मागे वहिनी हसताहेत, म्हणजे पाच. त्या कॅसेटींत मी काय काय केलंय ते आठवलं की आता कान तापतात. नवरीचा चेहरा बदामात, बदाम कमळात, कमळ आकाशात, आणि आकाशातून नवऱ्यामुलाची आत्या येतेय. गोव्यातली पहिली प्रायोगिक व्हिडिओ कला कुठल्या गॅलरीत झाली नाही, ती मंगल कार्यालयात झाली, असं माझं मत आहे. आमच्या धंद्यातलं कोणी इथे असेल तर त्याने टाळी वाजवावी. नाही? बरं.

माझं म्हणणं आत्ताच एका वाक्यात सांगून टाकतो, कारण मला माझा स्वभाव माहीत आहे, वेळ पुरणार नाही. सिनेमात चित्र असतं पण हालचाल नसते, आणि व्हिडिओत हालचाल असते पण चित्र नसतं. वाक्य जरा सुभाषितासारखं झालं, आणि सुभाषित म्हटलं की मला संशय येतो. म्हणून पुरावा आणलाय.

हा फोटो. पहिल्या रांगेतून सुरू करतो, बघून मागे द्या. हात कोरडे असतील त्यांनीच धरा. आमच्या देवकुडात, म्हणजे देवघरात, हा पस्तीसहून जास्त वर्षं आहे, आणि आज संध्याकाळी दिवा लावायच्या आधी तो परत जागेवर हवा, या अटीवर मिळालाय. ती अट केव्हाच मोडलीय म्हणा.

गोष्ट १९८७-८८ची. रविवारी सकाळी रामायण. तेव्हा मी चौदा वर्षांचा. वाड्यावर टीव्ही दोन, त्यातला एक आमच्या काकांकडे, ब्लॅक अँड व्हाइट, लाकडी शटरचा. साडेनवाच्या आधी काकी टीव्हीला ओल्या फडक्याने पुसायची, वर हार घालायची, उदबत्ती लावायची. देशभर लोक हेच करत होते, आम्ही काही वेगळे नव्हतो. वेगळे होते ते भाईकाका. भाईकाका म्हणजे काकांचे धाकटे भाऊ, बोटीवर होते, आणि सुट्टीवर येताना त्यांनी कॅमेरा आणला होता. काकीने त्यांच्यामागे टुमणं लावलं, ‘भाई, टीव्हीतल्या रामाचो एक फोटो काड रे. फ्रेम करून देवकुडांत लावया.’ बाजारात रामाच्या तसबिरी ढीगभर मिळत होत्या, पण काकीला तो राम नको होता. तिला हाच हवा होता, जो दर रविवारी घरी येतो.

(आमच्यात घरी कोंकणी आणि सभेत मराठी, हा जुनाच रिवाज. कोणी वाद काढायचा तर चहाच्या वेळी काढा.)

पहिल्या रविवारी भाईकाकांनी फ्लॅश मारला. छत्तीस फोटोंचा रोल संपवायला महिना गेला, मग फोंड्याला धुवायला टाकला. फोटो आले त्यात टीव्हीच्या काचेवर एक पांढरा फटक गोळा आणि मागे बनियनवर भाईकाका. राम नाहीच. फ्लॅशच्या उजेडापुढे टीव्हीच्या उजेडाचा काय पाड लागणार! काकी म्हणाली, ‘तुजो फोटो कित्याक?’

दुसऱ्या वेळी फ्लॅश बंद. भाईकाकांना वाटलं, हात हलला तर फोटो बिघडेल, म्हणून त्यांनी शटर जलद ठेवलं. चकतीवर १२५, म्हणजे सेकंदाचा सव्वाशेवा भाग. या वेळी जे आलं ते बघून घरात शांतता पसरली. प्रत्येक फोटोत टीव्हीचा एक आडवा पट्टा तेवढा उजळ, बाकी सगळा काळाकुट्ट. एका फोटोत मुकुट आणि डोळे, हनुवटीपासून खाली काळोख. दुसऱ्यात गळ्यातली माळ, हात, धनुष्य, पण वर तोंडच नाही. तिसऱ्यात नुसते पाय. काकीच्या डोळ्यांत पाणी. ‘देवाचें तोंड खंय गेलें?’ आजी म्हणाली, देवाचा फोटो काढू नये, तो असा कापून येतो. काका म्हणाले, कॅमेरा परदेशातला, त्याला राम कुठला ठाऊक. स्टुडिओवाला म्हणाला, शटर सडलंय, उघडून बघायला लागेल. प्रत्येकाकडे एकेक उपपत्ती होती आणि सगळ्या चूक होत्या.

माझं डोकं मात्र भणाणलं होतं. आम्ही सगळे समोर बसून बघत होतो. राम पूर्ण होता. मुकुटापासून पायांपर्यंत एकाच वेळी होता, चाळीस माणसं साक्षीला आहेत. मग कॅमेऱ्याला अर्धाच कसा दिसला?

उत्तर मिळायला मला दहाएक वर्षं लागली, तुम्हाला दोन मिनिटांत सांगतो. त्या जुन्या टीव्हीच्या काचेच्या नळीत मागे इलेक्ट्रॉनची बंदूक असते. ती एकच झोत सोडते. पडद्याला आतून फॉस्फरचा लेप. झोत जिथे आदळतो तो एक ठिपका उजळतो आणि लगेच मावळायला लागतो. झोत थांबत नाही. डावीकडून उजवीकडे एक रेघ, परत डावीकडे, खालची रेघ, असं करत तळापर्यंत. आपल्याकडच्या पद्धतीत एका पूर्ण चित्राच्या रेघा ६२५. त्याही सलग नाहीत. आधी एकाआड एक, मग राहिलेल्या, जशा एकाआड एक सरी लावत शेवटाला जावं आणि मग मधल्या लावायला परत यावं. एक खेप सेकंदाच्या पन्नासाव्या भागात, दोन्ही मिळून पंचविसाव्या भागात. म्हणजे सेकंदाला १५,६२५ रेघा. हा आकडा ध्यानात ठेवा.

आता भाईकाकांचं शटर. सेकंदाचा सव्वाशेवा भाग म्हणजे आठ मिलिसेकंद. झोताला वरून खाली यायला लागतात वीस. तेवढ्या वेळात तो पडद्याचे पाचातले दोन भागच रंगवणार. कॅमेरा खोटं बोलत नव्हता. टीव्हीवर पूर्ण राम कुठल्याच क्षणी नव्हता. एक ठिपका धावत होता, मागे त्याची विझत जाणारी शेपटी होती, आणि बाकीचा राम चाळीस माणसांच्या डोक्यांत होता.

(टाळ्या नकोत, पुढची गंमत राहिलीय. आणि तो फोटो अजून पहिल्याच रांगेत का?)

१५,६२५. त्या काळच्या टीव्हीत एक ट्रान्सफॉर्मर असायचा, तो याच गतीने थरथरायचा आणि एक बारीक शिट्टी वाजायची. पोरांना ऐकू यायची, म्हाताऱ्यांना नाही. आवाज बंद करून कोणी टीव्ही लावला तरी आम्हाला पडवीत कळायचं. आजीला पटायचं नाही, तिला वाटायचं पोरं भिंतीतून बघतात. तो त्या धावत्या ठिपक्याचाच आवाज. आज असा टीव्ही लावला तर मला तो ऐकू येणार नाही. कान उतरले.

तर काकीने काय केलं? ती हात जोडून बसणारी बाई नव्हे. तिने छत्तीस फोटो जमिनीवर पसरले, कातर घेतली, एका फोटोतला मुकुट-चेहरा कापला, दुसऱ्यातलं धड, तिसऱ्यातले पाय, आणि भाताच्या खळीने पुठ्ठ्यावर चिकटवून पूर्ण राम केला. तोच तुमच्या हातांत फिरतोय. नीट बघा. चेहरा थोडा डावीकडे वळलेला आहे, धड समोर आहे. वर शांत मुद्रा, खाली धनुष्याची दोरी ताणलेली. पाय तर बहुतेक लक्ष्मणाचे आहेत, पण हे काकीसमोर बोलायची कोणाची टाप नव्हती. तीन वेगळे क्षण, कदाचित तीन वेगळे रविवार, एका चौकटीत. प्रायोगिक व्हिडिओ कलेत जे जे मोलाचं झालं, त्यातलं बरंचसं काकीने त्या दुपारी कातर आणि खळ घेऊन केलेलं होतं, असं मी म्हणतो तेव्हा पणजीचे मित्र हसतात. मी मस्करी करत नाही.

आता सिनेमाकडे. सिनेमाची फिल्म उजेडात धरा, चित्र दिसतं. स्थिर, पूर्ण, नखाएवढं. सेकंदाला अशी चोवीस. फिल्मवर हालचाल कुठेच नाही, ती तुमच्याकडे होते. शाळेत आपल्याला ‘दृष्टिसातत्य’ शिकवलं, डोळ्यात प्रतिमा सेकंदाचा सोळावा भाग टिकते वगैरे. पण नुसती टिकली तर चित्रावर चित्र साचून लगदा होईल, घोडा धावणार कसा? १९१२ साली माक्स वेर्टहायमर या मानसशास्त्रज्ञाने दाखवलं की दोन ठिकाणचे दोन दिवे ठरावीक अंतराने लागले-विझले की मेंदूला एकच दिवा इकडून तिकडे गेल्यासारखा दिसतो. असं सांगतात की त्याला हे रेल्वेत सुचलं, फ्रँकफुर्टला तो मध्येच उतरला आणि खेळण्यांच्या दुकानातून चित्रं फिरवायचं खेळणं घेऊन कामाला लागला. चवथीच्या गणपतीवर फळंफुलं टांगतात त्या माटोळीखालच्या चायनीज माळा बघा. दिवा एकही हलत नाही आणि तरी उजेड पळतो.

त्याच १९१२ साली आपले फाळके काय करत होते? कुंडीत वाटाणा पेरून, त्याच्यासमोर कॅमेरा लावून, थोड्याथोड्या वेळाने चित्रं टिपत बसले होते. ‘अंकुराची वाढ’. दिवसांचं काम पडद्यावर मिनिटभरात. ‘राजा हरिश्चंद्र’ त्यानंतर, १९१३. म्हणजे भारतीय चित्रपटाच्या जनकाने देवाच्या आधी, राजाच्या आधी, काळ दाबला तर काय दिसतं ते बघितलं. ज्यात कथा नाही, नट नाही, फक्त काळ हेच पात्र आहे, त्याला आज गॅलरीत प्रायोगिक म्हणतात. फाळक्यांनी ते भांडवलदाराला दाखवून पैसे उभे केले. आज तसं करून बघा.

उलट व्हिडिओची कॅसेट. टेप उजेडात धरलीत तर तपकिरी फीत दिसते, नवरी दिसत नाही. एक गृहस्थ माझ्याकडे गुंता झालेली टेप घेऊन आले आणि म्हणाले, सप्तपदीपर्यंतची कापून टाका, नंतरची ठेवा. मी विचारलं, सप्तपदी कुठे आहे ते कसं कळणार? ‘बघून’, ते म्हणाले. पुढे समजलं की त्यांचं सासरच्यांशी भांडण होतं. असो. फितीवर असतो तो चुंबकीय माग. व्हिडिओचं गोत्र सिनेमाशी जुळत नाही, ते रेडिओशी आणि ध्वनिमुद्रणाशी जुळतं. बिल व्हायोला हा अमेरिकन व्हिडिओ कलाकार हेच मांडायचा, की व्हिडिओ कॅमेरा हा फोटोच्या कॅमेऱ्यापेक्षा मायक्रोफोनचा जवळचा नातलग आहे. व्हिडिओ हा वाहतो. सुरासारखा. थांबवलात तर उरत नाही.

तुम्ही म्हणाल, पण आम्ही पॉज करत होतो की! करत होतात. आत काय व्हायचं माहीत आहे? फीत थांबायची, पण फीत वाचणाऱ्या हेडचा ढोल मिनिटाला १५०० फेऱ्या मारत गरगरतच असायचा आणि तोच एक तिरका माग पुन्हा पुन्हा वाचायचा. नवरी स्थिर दिसावी म्हणून आत यंत्र जिवाच्या आकांताने धावतंय. फीत झिजू नये म्हणून चारपाच मिनिटांनी व्हीसीआर आपण होऊन पॉज सोडायचा. लोक भांडायला यायचे, तुमची कॅसेट आपोआप सुटते म्हणून. आणि आपला पावसाळा! जूनला कपाटात ठेवलेली कॅसेट चवथीला काढली की कडेला पांढरी बुरशी. मी चाळीस वॅटचा बल्ब कपाटात चोवीस तास पेटता ठेवायचो, घरात त्याला ‘कॅसेटींची समई’ म्हणायचे.

हां, तर कलाकार. व्हिडिओ कलेची सुरुवात जिथून मोजतात तो नाम जून पाइक, कोरियात जन्मलेला, शिकलेला संगीत. १९६३ साली जर्मनीत वुपरटालच्या एका गॅलरीत त्याने जुने टीव्ही मांडले, आतली जोडणी बिघडवून. १९६५ साली टीव्हीवर एक भलामोठा लोहचुंबक ठेवला. झोत चुंबकाने वाकतो, म्हणून बातम्या वाकून त्याची फुलासारखी झिलमिल जाळी झाली. सगळे टीव्हीवर काय दिसतं ते बघत असताना याने टीव्ही कशाचा झालाय ते दाखवलं. मी हाच प्रयोग स्पीकरच्या चुंबकाने मामाच्या नव्या रंगीत टीव्हीवर केला होता. कोपऱ्यात कायमचा जांभळा डाग पडला. पाइकचा टीव्ही संग्रहालयात गेला, मी गोठ्यात झोपलो.

दुसरी जोन जोनास. १९७२. ‘व्हर्टिकल रोल’. हे मी आज दाखवणार होतोच, आणि हे न दाखवता येण्याचं मला खरंच वाईट वाटतंय. तुमच्यातल्या चाळिशीपुढच्यांना आठवेल, टीव्हीचं चित्र मध्येच वर सरकायला लागायचं, मध्ये काळा पट्टा, खालून पुन्हा तेच चित्र. मागे एक बटण असायचं, ‘व्हर्टिकल होल्ड’. ते पिळायचं काम घरातल्या धाकट्याचं. नाही जमलं तर टीव्हीच्या कानाखाली एक वाजवायची. तर या बाईने तो बिघाड मुद्दाम तसाच ठेवला आणि वीसेक मिनिटांचा पूर्ण व्हिडिओ त्या बिघाडावर केला. चित्र सतत सरकतंय, पट्टा ठक ठक जातोय, ती त्या ठेक्यावर चमचा आपटतेय. चेहरा येतो, कापला जातो. पाय येतात, कापले जातात. ती उडी मारते आणि पट्टा जणू तिच्या पायांखालून निघून जातो. बाईचं शरीर पडद्यावर पूर्ण म्हणून विकलं जातं, ते तिने पूर्ण मिळूच दिलं नाही. मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा मला एकदम काकी आठवली. देवाचें तोंड खंय गेलें.

आता एक गाऱ्हाणं. हे मी सांगणारच, कोणी चिठ्ठी पाठवली तरी. व्हिडिओ कला बघायची कुठे? पणजीत डिसेंबरात मोठमोठी प्रदर्शनं लागतात, जुन्या सुंदर वास्तूंत. नोव्हेंबरात इफ्फी, म्हणजे आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, २००४ पासून ती आपल्याकडेच, तेव्हा दीड महिना आपण सगळेच जाणकार असतो. मी हौसेने जातो. कुठल्याशा काळोख्या खोलीत चाळीस मिनिटांचा व्हिडिओ, आणि बसायला काही नाही. एक बाकडं नाही. शेजारच्या खोलीतल्या व्हिडिओतला समुद्र या खोलीतल्या बाईच्या बोलण्यावर आदळतोय. दाराशी एक फलक, त्यावर इतकं अवघड इंग्रजी की व्हिडिओ सोपा वाटावा. लोक येतात, सात सेकंद बघतात, प्रोजेक्टरच्या झोतात उभं राहून स्वतःचा फोटो काढतात आणि जातात. सुरुवात कुठे, शेवट कुठे, कोणाला पत्ता नाही, कारण तो गोल फिरत असतो. अहो, ज्या कलेचं सामान म्हणजे काळ, ती उभ्या उभ्या कशी बघायची? देवळात कीर्तनाला आपण सतरंजी घालतो.

एका वर्षी मी घरून पाट घेऊन गेलो. खरंच सांगतो, जेवणाचा पाट, सागवानी. भिंतीशी टाकला आणि मांडी घातली. वीस मिनिटांनी डोळे वर केले तर चारपाच माणसं व्हिडिओकडे पाठ करून माझ्याकडे बघताहेत. एका मुलीने फोटो काढला. मग रखवालदार आला आणि फार अदबीने विचारलं, ‘तुमी आर्टिस्ट मरे?’ मी म्हटलं, नाही रे बाबा, गुडघे दुखतात. तो म्हणाला, मग पाट बाहेर ठेवा. म्हणजे कलाकृती असतो तर चाललं असतं.

हां, आली चिठ्ठी. ‘दहा मिनिटे’. आणि खाली बारीक अक्षरात, ‘खूप छान’. बरं. म्हणजे फळ्यावर जो विषय लिहिलाय तो आता दहा मिनिटांत.

पटापट जातो. माझा मुद्दा असा होता की नळीचा टीव्ही गेला तरी तो धावता ठिपका मेला नाही, त्याने फक्त घरं बदलली. आजचा सपाट पडदा चित्र धरून ठेवतो, त्यामुळे वाटतं की व्हिडिओलाही आता चित्र मिळालं. नाही मिळालं. फाईलच्या आत बघा. डिजिटल व्हिडिओत पूर्ण चित्र अधूनमधून एखादंच साठवलेलं असतं, त्याला की-फ्रेम म्हणतात. मधल्या चित्रांच्या जागी मुख्यतः हिशेब असतो, की हा चौकोन इकडे सरकला, तो तिकडे. म्हणजे साठवली जाते ती बहुतांशी हालचालच. आपल्या पावसात डिशचा टीव्ही बघितलाय ना? बातम्यांतली बाई चौकोनाचौकोनांत फुटते, मध्येच जाहिरात येते, आणि तिच्या गालांतून साबणाची वडी सरकायला लागते. चित्र एकाचं, हालचाल दुसऱ्याची. कारण मधली की-फ्रेम पावसाने खाल्ली. ताकेशी मुराता या कलाकाराने २००५ साली ‘मॉन्स्टर मूव्ही’मध्ये हेच हेतुपुरस्सर केलं, एक राक्षस स्वतःच्याच हालचालीत वितळत राहतो. पाइकचा चुंबक आणि आपला आषाढ, काम एकच.

व्हायोला. ‘द रिफ्लेक्टिंग पूल’, १९७७ ते ७९, सात मिनिटं. कॅमेरा हलत नाही. रानात एक तळी. माणूस येतो, काठावर उभा राहतो, उडी मारतो आणि हवेत, पाय पोटाशी घेतलेल्या अवस्थेत, थांबतो. तो थांबला, पण पाणी चालू आहे. तरंग उठतात, उजेड बदलतो, पाण्यात माणसांची प्रतिबिंबं येतात आणि काठावर कोणीच नाही. हळूहळू वरचा माणूस पानांत विरून जातो, आणि शेवटी पाण्यातून बाहेर येऊन चालू लागतो. देवळाच्या तळीत उड्या मारलेल्या प्रत्येकाने हे बघावं. कसं केलं? एकाच चौकटीतले वेगवेगळे भाग वेगवेगळ्या वेळी टिपून एकत्र जोडले. वर एक काळ, खाली दुसरा. फोटो आता कोणाकडे आहे? त्यांनी पुन्हा एकदा बघावा.

आपल्याकडचं फार राहून जातंय. चित्रकार अकबर पदमसींनी १९६९ साली मुंबईत नेहरू फेलोशिपच्या पैशांतून कार्यशाळा काढली, चित्रकार आणि कॅमेरावाले एकत्र आणले, स्वतः ‘सिझिजी’ हा निव्वळ रेघांचा चित्रपट केला. त्यांची दुसरी फिल्म हरवली ती हरवलीच. तिथेच तरुण नलिनी मालानी शिकल्या, ज्या पुढे पारदर्शक नळकांडी आतून रंगवून, ती फिरती ठेवून, त्यांवर व्हिडिओ सोडतात. चित्राची सावली व्हिडिओतून आणि व्हिडिओ सावलीतून भिंतीवर फिरतो, आणि आपण मध्ये उभे असलो तर आपलीही सावली त्यात. रणबीर कालेका रंगवलेल्या चित्रावरच व्हिडिओ टाकतात. सुईत दोरा ओवणारा माणूस, अंग तैलरंगातलं आणि श्वास व्हिडिओतला. यांच्यावर एकेक व्याख्यान हवं. कार्यवाहांनी मान हलवली, ती हो म्हणून होती की नाही म्हणून ते मला इथून दिसलं नाही.

आता मोबाईल काढा. सुरू करा. व्हिडिओचं बटण दाबा. तुमच्या मोबाईलचा कॅमेरा सबंध चित्र एकदम टिपत नाही. तोही रेघेरेघेने टिपतो, वरून खाली, त्या बंदुकीसारखाच. कदंब बसच्या खिडकीतून व्हिडिओ काढलात की विजेचे खांब तिरके पळतात ते त्यामुळे. खांबाचा वरचा भाग आधीचा, खालचा नंतरचा. आता मोबाईल आडवा धरून या सभागृहाच्या मधल्या खांबाकडे बघा आणि झटक्यात डावीकडून उजवीकडे फिरवा. जोरात. शेजारच्याला लागू देऊ नका. परत उजवीकडून डावीकडे. खांब झुकतोय? इकडे झुकतो, तिकडे झुकतो? सावंत काका, तुमचा कॅमेरा चेहऱ्याकडे फिरलाय, तुम्ही स्वतःलाच टिपताय. बटण दाबा, हां. झुकला?

झुकला. घाबरू नका, खांब सरळ आहे, गेल्याच वर्षी रंग दिलाय. फोटो तिसऱ्या रांगेत दिसतोय, तो तेवढा इकडे पाठवा. आणि खळीच्या बाजूला बोट लावू नका, पाय सुटायला आलेत.